अठरा हरकतींचा गठ्ठा

बुधवारी सकाळी दहा वाजून बारा मिनिटांनी शेषराव होले यांच्या टेबलावर छप्पन्न पानांचा एक अहवाल होता आणि त्यातली एकोणतीस पानं वाचून झाली होती. नागरिकांनी केलेल्या विनंती अर्जांचं पुढं काय झालं, हे सांगणारा तो विधिमंडळाच्या एका समितीचा अहवाल होता. शेषरावांना हवी असलेली ओळ शेवटच्या परिशिष्टात, पंचेचाळिसाव्या पानानंतर कुठं तरी असणार होती. अशा अहवालांची रचना त्यांना गेली बेचाळीस-त्रेचाळीस वर्षं ठाऊक आहे. तरीही ते पुढं गेले नाहीत. स्टीलची फूटपट्टी ओळीखाली धरायची, ओळ संपली की पट्टी खाली सरकवायची, असं त्यांचं चाललं होतं. एका पानाला साधारण अडीच मिनिटं लागत होती.

ग्रंथपाल रागिणी मॅडम दारात थांबल्या.

"भाऊ, सरळ परिशिष्ट काढा ना. जीव कशाला टांगून ठेवता?"

"येतेच ना ते. सत्तावीस पानं राहिले."

"चहा सांगू?"

"झाल्यावर."

मॅडम परत फिरल्या. शेषराव पूर्वी असे वाचत नसत हे त्यांना माहीत होतं, आणि आता का वाचतात हेही.

त्या ओळीवर शेषरावांच्या धाकट्या बहिणीची विहीर अवलंबून होती. समितीनं अर्ज विचारात घेतला असेल तर वलगावच्या शिवारात नवी विहीर खणता येण्याची शक्यता उरत होती. घेतला नसेल तर बहिणीचे यजमान चंद्रभान मेहरे दुसऱ्या दिवशी सकाळी संत्र्याची एकशे चाळीस झाडं जेसीबीनं काढून टाकणार होते. जेसीबीवाल्याला त्यांनी गेल्या आठवड्यातच बोलावलं होतं. वच्छलानं म्हणजे बहिणीनं हट्ट करून बुधवारपर्यंत थांबवलं.

वाचनालय अमरावतीतलं, राजकमल चौकापासून चालत दहा मिनिटांवरचं. पुढच्या दालनात वर्तमानपत्रं आणि स्पर्धा परीक्षेची मुलं. मागच्या खोलीवर 'शासकीय प्रकाशने' अशी पाटी. आत राजपत्रांचे बांधीव खंड, विधानसभेच्या कामकाजाचे वृत्तांत, महालेखापरीक्षकांचे अहवाल, संसदेच्या संरक्षण समितीचे अहवाल, चौकशी आयोगांचे अहवाल आणि त्यांवर सरकारनं काय केलं याची पातळ टिपणं. सरकार लोकांना जे सांगायला बांधील असतं ते या खोलीत येऊन पडतं. ते विचारायला दिवसाला दोनेक माणसं येतात. वकिलांचे कारकून येतात, नाव बदललेल्या बायका येतात. एक निवृत्त सुभेदार पुष्कळ वर्षं दर मंगळवारी येत. संरक्षण समितीचा नवा अहवाल मागून घेत, जवानांच्या बुटांविषयीचा परिच्छेद तेवढा वाचत आणि "अजून तेच" असं म्हणून परत देत. गेल्या वर्षी त्यांचं येणं थांबलं. शेषरावांनी चौकशी केली, तेव्हा ते वारल्याचं कळलं.

शेषराव मूळचे बडनेऱ्याचे. वडील बाजारात भाजी विकत. मॅट्रिक झाल्यावर बाविसाव्या वर्षी ते या वाचनालयात परिचर म्हणून लागले. त्यांना पहिलं काम मिळालं ते बांधणीचं. गव्हाच्या पिठाची खळ शिजवायची, कसर लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद टाकायचं, आणि वर्षभराचे सुटे अंक भागवार लावून शिवायचे. भाग लावायचा तर मथळा वाचावा लागतो, आणि मथळा वाचला की खालचं वाचलं जातं. विधेयक कसं मांडतात, मसुदा कधी निघतो, त्यावर कोण हरकत घेऊ शकतो, अंतिम अधिसूचनेत काय गळतं, हे त्यांना कुणी शिकवलं नाही. वकिलांचे कारकून पुस्तकांच्या यादीकडं न जाता थेट त्यांच्याकडं येऊ लागले. निवृत्तीनंतरही वाचनालयानं त्यांना सोडलं नाही. कुठं काय आहे हे दुसऱ्या कुणाला ठाऊकच नव्हतं.

छापील राजपत्र टपालानं येणं काही वर्षांपूर्वी बंद झालं. सगळं संकेतस्थळावर गेलं. शेषरावांनी त्यावर स्वतःपुरता तोडगा काढला. महिन्याच्या एक आणि सोळा तारखेला रागिणी मॅडम संगणकावर जिल्ह्यासंबंधीचे अंक शोधून देत, शेषराव ते गल्लीच्या तोंडच्या झेरॉक्सवर छापून आणत, पहिल्या पानावर वाचनालयाचा तारखेचा शिक्का मारत आणि टेबलावर ठेवत. संकेतस्थळ सगळ्यांना उघडं आहे, मग हा खटाटोप कशाला, असं कुणी विचारलं की त्यांचं उत्तर ठरलेलं असे. "टेबलावर ठेवलेलं दिसते. तिथलं शोधा लागते."

त्या शिक्क्याला जिल्ह्यात एक किंमत होती. ती कशी आली तेही सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यातून घडलं.

पंधराएक वर्षांपूर्वी डोंगराकडच्या काही गावांचे लोक एका केंद्रीय मसुद्याची प्रत शोधत आले होते. हरकतींची साठ दिवसांची मुदत संपल्याचं त्यांना सांगण्यात आलं होतं. शेषरावांनी मसुद्याचा शेवटचा परिच्छेद काढून दाखवला. मुदत प्रसिद्धीच्या दिवसापासून मोजायची नव्हती. राजपत्राच्या प्रती जनतेला उपलब्ध झाल्या, त्या दिवसापासून मोजायची होती. प्रत वाचनालयाच्या टेबलावर आली त्या दिवसाचा शिक्का त्यांच्याकडं होता. तत्कालीन ग्रंथपालांनी तसं पत्र दिलं आणि त्या गावांच्या हरकती दाखल झाल्या. तेव्हापासून ते 'गॅझेटवाले होलेभाऊ' झाले. त्यानंतरच्या कितीतरी केंद्रीय मसुद्यांत तोच परिच्छेद त्याच शब्दांत येत राहिला. शेषरावांना तो पाठ झाला.

या कीर्तीचा सर्वांत मोठा आनंद आणि सर्वांत जास्त चेष्टा एकाच माणसाकडून होई. चंद्रभान मेहरे मेहुण्याला चारचौघांत 'साळेबुवा' म्हणत आणि पाहुण्यांशी ओळख करून देताना सांगत, "हे आमच्या घरातलं सरकार. त्या सरकारले विचारलं त ते बोलत नाही, अन् याइले नाही विचारलं तरी हे थांबत नाही." शेषराव म्हणत, "जवाईबुवा, तुमच्यासारख्याइसाठीच सरकारले मराठीत छापा लागते." भाऊबीजेला ताटावर बसून हे तासभर चाले. वच्छला वाढता वाढता म्हणे, "दोघंही खा आधी. गॅझेट कुठी पळून नाही राहिलं."

चंद्रभानकडं साडेतीन एकर काळी जमीन. दीड एकरात संत्री, दोन एकरांत शेवंती, झेंडू, निशिगंध. फुलं पहाटे तोडून अमरावतीच्या बाजारात न्यायची हे मेहऱ्यांचं तीन पिढ्यांचं काम. पाणी एका जुन्या दगडी विहिरीचं. बोअर घेतली तर त्या पट्ट्यात पाणी खारट लागतं. त्यावर शेवंती जगत नाही.

या गोष्टीला तीन वर्षं होतील येत्या दिवाळीला. त्या भाऊबीजेलाही शेषराव वलगावला जेवून आले. दुसऱ्या दिवशी सोळा तारीख होती. नेहमीप्रमाणे अंक छापले, शिक्के मारले. चौथ्या अंकात एक मसुदा होता. वलगावच्या पुढं एका सुरक्षा दलाचं दारूगोळ्याचं साठवण केंद्र उभं राहत होतं, आणि त्याच्याभोवती 'सुरक्षा क्षेत्र' आखायचं होतं. त्या क्षेत्रात नवं बांधकाम नाही, सुरुंग नाही, दहा फुटांपेक्षा खोल खोदकाम नाही. सुरुंगाशिवाय त्या भागात विहीर होत नाही. खाली गट क्रमांकांची यादी होती. शेषरावांचं बोट यादीवरून उतरत गेलं आणि चंद्रभानच्या गटावर थांबलं. त्याच्या आजूबाजूचे सतरा गटही होते. ते उठले, बाहेर जाऊन पाणी प्यायले, परत येऊन यादी पुन्हा तपासली आणि मग वलगावला बहिणीच्या घरी फोन केला. यादीच्या खाली आणखी सात ओळी होत्या. हरकत कुणाकडं पाठवायची तो पत्ता त्यांनी उतरवून घेतला आणि मुदतीचे दिवस तीस आहेत हे पाहिलं. बाकीच्या ओळी नेहमीच्याच असणार होत्या.

मसुदा तीन नोव्हेंबरला प्रसिद्ध झाला होता. शेषरावांनी शिक्क्याच्या तारखेपासून तीस दिवस मोजले आणि कॅलेंडरवर सोळा डिसेंबरला गोल केला.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वलगावला मारोतीच्या पारावर अठरा घरं जमली. शेषरावांनी समजावून सांगितलं. विरोध कुणालाच करायचा नव्हता. केंद्र होऊ द्या, देशाचं काम आहे, असं पहिल्यांदा चंद्रभानच म्हणाले. मागणी एवढीच होती की जुनी विहीर निकामी झाली तर तिच्या जागी नवी खणू द्यावी. शेषरावांना वाटलं, इतकी साधी हरकत कुणी नाकारणार नाही. फक्त ती नीट मांडायला हवी. प्रत्येक गटाची हरकत वेगळी, सोबत सातबारा, विहिरीची नोंद, नकाशा. तलाठी त्या दिवसांत कामात होता. उतारे मिळायला वेळ गेला.

पंचवीस नोव्हेंबरला चंद्रभानचा मुलगा नितेश वाचनालयात आला. तो बाजारात फुलं पोचवून परत निघाला होता. मोबाइल पुढं करून म्हणाला, "मामा, याच्यात ईमेलचा पत्ता हाये. अठराही हरकती आत्ता बसल्या बसल्या पाठवून देतो. कागद मागून देऊ."

"ईमेल कोन वाचते रे?"

"पन पोचते त लगेच."

"अन् पोचल्याची सही कोन देते? हे काम हातोहात करा लागते. अधिकाऱ्याच्या टेबलावर ठेवाचं अन् पोच घ्याची. एकवीस दिवस हायेत अजून."

"पाहा बा. तुमाले जास्त समजते," असं म्हणून नितेशनं मोबाइल खिशात टाकला. त्याच्या बोलण्यात टोमणा नव्हता. त्याला खरंच तसं वाटत होतं. त्या दिवशी मुदतीचे आठ दिवस बाकी होते.

सहा डिसेंबरला गठ्ठा तयार झाला. शेषरावांनी अठरा हरकती अनुक्रमानं लावल्या, वर सूची जोडली, कडेला दोऱ्यानं शिवल्या. रागिणी मॅडमनी पाहून म्हटलं होतं, की वकील एवढं नीट देत नाहीत. हरकती घेणारं कार्यालय अकोल्याला होतं. आठ तारखेला शुक्रवारी सकाळी शेषराव बडनेऱ्याला गाडीत बसले. आठवडाभर आधीच काम होतंय म्हणून खुशीत होते. मुलगी हर्षा अकोल्यात जठारपेठेत राहते. काम आटोपून तिच्याकडं जेवायचं ठरलं होतं.

आवक टेबलावर एक तरुण बाई होत्या. त्यांनी गठ्ठा हातात घेतला, पहिलं पान पाहिलं.

"काका, याची मुदत त तीन तारखेला संपली."

"नाही, मॅडम. सोळापर्यंत आहे. प्रत उपलब्ध झाल्यापासून तीस दिवस. हा शिक्का पाहा."

बाईंनी शिक्का पाहिला. मग स्वतःच्या फाइलमधून मसुदा काढून शेवटचं पान त्यांच्यापुढं ठेवलं. "कोण्या वाचनालयाचा आहे हा? याच्यात असं काही नाही. तुम्हीच वाचा."

शेषरावांनी वाचलं. 'ही अधिसूचना राजपत्रात प्रसिद्ध झाल्याच्या दिनांकापासून तीस दिवसांच्या आत.' हा मसुदा वेगळ्या कायद्याखालचा होता. प्रती उपलब्ध होण्याचा त्यात उल्लेख नव्हता. त्यांच्या पिशवीतल्या प्रतीवरही हेच छापलेलं होतं, सोळा नोव्हेंबरपासून.

"बसा काका," बाई म्हणाल्या. "पाणी देऊ?"

"घेता येत नाही का?"

"घेते ना. पण शिक्का उशिराचाच मारावा लागते."

त्यांनी अठरा पोचपावत्या दिल्या. प्रत्येकीवर 'मुदतीनंतर प्राप्त' असा शिक्का होता. शेषराव जठारपेठेत गेले. हर्षानं पातोडीचा रस्सा केला होता. तो त्यांनी नेहमीसारखा दोनदा मागून घेतला. काय झालं ते तिला आठ दिवसांनी आत्याकडून कळलं.

त्याच संध्याकाळी ते थेट वलगावला गेले. पारावर लोक वाट पाहत होते. पावत्या खिशातच ठेवून चालण्यासारखं होतं. निकाल लागायला महिने लागणार होते, आणि सरकार ऐकत नाही यावर विश्वास ठेवायला कुणाला पुरावा लागत नाही. शेषरावांनी पावत्या काढून मधोमध ठेवल्या.

"कागद घेतले त्याइनं," ते म्हणाले. "पन मुदत संपली होती. तीन तारखेलेच."

"तुमी त सोळा म्हनलं होतं," चंद्रभान म्हणाले.

"म्हनलं होतं."

माणिकबाई नावाच्या एक वृद्ध शेतकरीण होत्या. एक गट त्यांच्या नावावर होता. त्या म्हणाल्या, "मंग त्याइनंच तारीख बदलली असन, बाप्पा. सरकारचा काय भरोसा."

"नाही काकू. तारीख पहिल्या दिवशीपासूनच लिहेल होती. माह्याच वाचण्यात नाही आली."

"तुमी वाचलं नाही?" चंद्रभाननी विचारलं. आयुष्यभर मेहुण्याची टिंगल करणारा तो माणूस त्या क्षणी टिंगल करत नव्हता. त्याला खरोखर समजत नव्हतं.

"गट नंबर वाचले. पत्ता वाचला. शेवटचा परिच्छेद नाही वाचला. मले वाटलं, नेहमीचाच असन."

नितेश उठला. मोटरसायकलला किल्ली लावता लावता एवढंच म्हणाला, "मी पाठवून राहिलो होतो, मामा." आणि गेला. चंद्रभाननी पावत्या गोळा केल्या, ज्याची त्याला दिली, आणि शेषरावांना म्हणाले, "चला, जेवून घ्या."

तेव्हापासून ते मेहुण्याला साळेबुवा म्हणत नाहीत. 'होलेभाऊ' म्हणतात, जसं गावातले इतर म्हणतात. भाऊबीजेला ताट मांडलं जातं. चंद्रभान पावसापाण्याचं विचारतात, हर्षाच्या मुलांचं विचारतात, भाजी आणखी वाढायला सांगतात. जेवण वीस मिनिटांत होतं.

अंतिम अधिसूचना पुढच्या वर्षी जूनमध्ये निघाली. नदीपलीकडच्या शिवारातल्या बारा शेतकऱ्यांनी विसाव्या दिवशी ईमेलनं हरकती पाठवल्या होत्या. मागणी तीच होती, सातबारा जोडलेले नव्हते, भाषाही तुटक होती. त्या बारा गटांना अटीवर सूट मिळाली: विद्यमान विहीर निकामी झाल्यास तिच्या जागी देखरेखीखाली नवीन. अठरा हरकतींविषयी एक वाक्य होतं: 'मुदतीनंतर प्राप्त झाल्याने विचारात घेतल्या नाहीत.' शेषरावांनी तो अंक छापला, शिक्का मारला, टेबलावर ठेवला आणि वर्षअखेर खंडात शिवला. तो मागच्या खोलीत आहे. मागितला की मिळतो.

मेहऱ्यांची विहीर गेल्या पावसाळ्यात गेली. ऑगस्टमध्ये तीन दिवसांची झड लागली, तिसऱ्या दिवशी दुपारी उत्तरेकडचं बांधकाम खचलं आणि काळी माती दगडांसकट आत बसली. नितेश मोटर काढायला उतरून त्याच्या अर्धा तास आधीच वर आला होता. हे त्यातल्या त्यात बरं झालं. गाळ काढायचा तर यंत्र उतरवावं लागतं आणि तेही खोदकामात मोडतं. नव्या विहिरीचा अर्ज दोन ओळींत परत आला. निशिगंध दिवाळीपर्यंत टिकला. शेवंती डिसेंबरात वाळली. वच्छला फूलबाजारातल्या एका दुकानात हार ओवायला जाऊ लागली. याच बाजारात तिनं पस्तीस वर्षं स्वतःची फुलं विकली होती. नितेशनं बडनेऱ्याला मालधक्क्यावर काम धरलं. राहिली संत्री. चौदा वर्षांची झाडं, या हंगामात फळ धरलं नाही.

विनंती अर्ज शेषरावांनी सप्टेंबरात लिहिला. चार पानं. तिसऱ्या पानावर त्यांनी लिहिलं होतं, 'सदर विलंबास मी स्वतः जबाबदार असून हरकतदार शेतकरी कोणत्याही प्रकारे जबाबदार नाहीत.' रागिणी मॅडम म्हणाल्या, हे वाक्य गाळा, कायद्याच्या दृष्टीनं त्याचा काही उपयोग नाही. त्यांनी गाळलं नाही. खाली अठरा जणांच्या सह्या घेतल्या. चंद्रभाननी सही केली, पण अर्ज वाचला नाही.

अकरा वाजून दहा मिनिटांनी शेषराव अठ्ठावन्नाव्या क्रमांकाच्या नोंदीवर पोचले. एकावन्नावं पान होतं. पट्टी खाली होती. नोंद तीन ओळींची होती. पहिल्या ओळीत त्यांचं नाव आणि 'व अन्य अठरा', दुसऱ्या ओळीत विषय. तिसऱ्या ओळीत लिहिलं होतं: 'विषय राष्ट्रीय सुरक्षेशी संबंधित असल्याने विचारार्थ घेण्यात आला नाही.'

त्यांनी त्या तिन्ही ओळी पुन्हा वाचल्या. मग पट्टी खाली सरकवून एकोणसाठावी नोंद वाचली, साठावी वाचली, आणि छप्पन्नाव्या पानावर मुद्रकाच्या नावापर्यंत गेले. मग अहवालाला पंचिंग करून दोरा ओवला. रागिणी मॅडम दोनदा दारापर्यंत येऊन गेल्या. तिसऱ्यांदा आल्या तेव्हा त्यांनी विचारलं नाही. चहा ठेवून गेल्या.

वच्छलाची सुट्टी एक वाजता होते. शेषराव साडेबाराला फूलबाजारात पोचले. दुकानाच्या मागच्या बाजूला चार बाया पोत्यांवर बसल्या होत्या. शेवटची वच्छला. तिच्या मांडीवर ओल्या फडक्यात झेंडू होता. तिनं भावाकडं पाहिलं आणि सुई चालूच ठेवली.

"नाही?" तिनं विचारलं.

"नाही."

"काय लिहेल हाये?"

"सुरक्षेचा विषय हाये म्हने. म्हून घेतला नाही."

"पूर्ण वाचलं ना, दादा?"

"पूर्ण वाचलं."

शेजारच्या बाईनं, बेबीताई त्यांचं नाव, पोतं सरकवून जागा केली. "बसा भाऊ. उभे काहून?" शेषराव बसले. काही वेळ त्यांनी टोपलीतली फुलं निवडून वच्छलाच्या फडक्यात टाकली. लहानपणी भाजीच्या दुकानावर दोघं असेच बसत. देठ तुटलेलं वांगं त्यांनी दिलं की ती ते परत टोपलीत टाके. आज देठ तुटलेलं फूल टाकलं.

"संध्याकाळी येऊ का?" त्यांनी विचारलं. "जवाईबुवाइले मीच सांगतो."

"नको येजो."

"सांगाले त पाहिजे."

"मी सांगीन. तू आला त ते तुले या म्हनतीन, पानी देतीन, चहा मांडाले लावतीन. शिव्या देल्ल्या असत्या त मीच बोलावलं असतं तुले." तिनं दोऱ्याला गाठ मारून तो दातानं तोडला. "तीन वर्षं झाले, एक शब्द वाकडा नाही बोलले ते तुले. मले नाही पाहवत."

शेषरावांनी टोपलीतून आणखी एक फूल उचललं.

"जेसीबी कधी येते?" त्यांनी विचारलं.

"आठ वाजता."

"तू थांबशीन घरी?"

"काय पाहाले थांबू? ती झाडं मीच लावली. खड्डे त्याइनं केले, पानी मी घातलं." तिनं पुढचा दोरा ओवायला घेतला. "काल मालकानं सुट्टी घे म्हनलं, मी नको म्हनलं."

एक वाजला. बाया उठल्या. वच्छलानं ओवलेले हार मोजून दुकानदाराकडं दिले, हात धुतले आणि वलगावच्या बसकडं निघाली. शेषराव चौकापर्यंत तिच्याबरोबर चालले. बस लागलेली होती. ती चढली, खिडकीशी बसली आणि बाहेर पाहून म्हणाली, "जेवून घेजो." शेषराव दोन वाजता वाचनालयात परतले. शासकीय प्रकाशनांचा कक्ष पाच वाजेपर्यंत उघडा होता. दुपारी एक वाचक आला. त्याला नाव बदलल्याचं राजपत्र हवं होतं. शेषरावांनी ते चार मिनिटांत काढून दिलं आणि त्याच्यासमोर पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचून दाखवलं.

उद्या गुरुवार आहे. गुरुवारी हारांना मागणी जास्त असते, म्हणून फूलबाजारातल्या त्या दुकानावर बायांची हजेरी अर्धा तास आधी, सकाळी सहा वाजता लागते.